सलाम ठोकणारी चिंबोरी

एकोणीसशे एकोणपन्नास सालापर्यंत ठाण्यात डॉक्टर म्हणजे टिपणीस. तशा पाट्या आणखीही होत्या, पण तलावपाळीवर टांग्यात बसून नुसतं "डॉक्टरांकडे" म्हटलं की घोडा आपणहून वळायचा, टांगेवाल्याला लगाम हलवावा लागत नसे. प्रभाकर टिपणिसांच्या दवाखान्यात औषधं तीन: लाल मिक्श्चर, पिवळं मिक्श्चर आणि कंपाउंडर पोपट. पहिली दोन पोटात घ्यायची. तिसरं नुसतं बघितलं तरी चाले, कारण पोपट इतका हडकुळा होता की त्याला पाहून रोग्याला आपली तब्येत ठणठणीत वाटू लागे आणि तो उठून घरी जाई.

घरात तर प्रश्नच नव्हता. प्रमोदिनीबाई नवऱ्याला नावानं हाक मारण्यातल्या नव्हत्या. "डॉक्टर, पानं घेतलीत", "थांबा हं, डॉक्टरांना विचारते", "आमच्या डॉक्टरांना तिखट चालत नाही." दिवसातून पन्नास वेळा तो शब्द कानावर पडायचा आणि पन्नासही वेळा टिपणिसांना नुकतीच परीक्षा पास झाल्यासारखं वाटायचं. माणसाला सुख म्हणजे तरी आणखी काय लागतं?

त्या साली बाळकूमला खाडीकाठच्या एका पडक्या बंगल्यात एक फ्रेंच डॉक्टर येऊन राहिला.

नाव ऑग्यूस्त मोरेल. दाढी मिठागरासारखी पांढरी, अंगात खाकी अर्धी चड्डी आणि गुडघ्यापर्यंत कायम चिखल. माणूस ठाण्यात दिसायच्या आधी त्याच्या गोष्टी दिसायला लागल्या. पोपट रोज सकाळी दवाखाना झाडता झाडता एक नवी आणायचा.

"साहेब, तो म्हणे फ्रान्सात समुद्राच्या काठी जन्मला. ओहोटीच्या वेळी. सुईण पोचायच्या आधी एक खेकडा पोचला आणि त्यानं नाळ तोडली."

"आणि तू विश्वास ठेवलास?"

"खेकड्यावर नाही ठेवला साहेब. पण सुईण उशिरा आली असेल की."

हळूहळू सगळं चरित्रच दवाखान्यात गोळा झालं. मोरेलचा बाप जहाजावरचा डॉक्टर. पोरगं मुळाक्षरांआधी खेकड्यांचे पाय मोजायला शिकलं. पुढे डॉक्टरकीच्या शेवटच्या परीक्षेत हृदयाची आकृती काढायला सांगितली, तर यानं खेकड्याचं हृदय काढलं, आणि ते इतकं बिनचूक होतं की परीक्षकांना पास करणं भाग पडलं. मग मार्सेलला लग्न ठरलं. वऱ्हाड चर्चमध्ये उभं, आणि नवरदेव खडकात गुडघाभर पाण्यात, एक खेकडा कात टाकत होता ते बघत. तो चर्चमध्ये पोचला तोवर खेकड्यानं नवं कवच घातलं होतं आणि नवरीनं नवा नवरा केला होता. त्यानंतर त्यानं पुन्हा लग्नाचं नाव काढलं नाही. जहाजावर डॉक्टर झाला, मादागास्करला पटकीची साथ आवरली, टोंकिनला तापाची, मग पाँडिचेरीच्या इस्पितळात बरीच वर्षं काढली. दिवसा माणसं तपासायची, उरलेल्या वेळात खेकडे. खेकड्यांवर त्याचे दोन जाडजूड ग्रंथ होते, आणि जगात कुणी न पाहिलेले कितीतरी प्राणी त्यानं शोधून त्यांची बारशी केली होती. त्यातही त्याचा एक नेम होता. ज्या प्राण्याला नाव द्यायचं, तो एकदा चाखून बघायचाच. बाहेरून सगळं मोजलं, आतून सगळं चिरलं आणि चव घेतली नाही, तर ओळख अर्धीच राहिली, असं तो म्हणे. टोंकिनला एका विंचवाला नाव देताना त्यामुळेच तो आठवडाभर आडवा झाला होता.

आता पेन्शन घेऊन तो इकडच्या खाड्यांतल्या चिंबोऱ्या बघायला आला होता. बघेना का बापडा! टिपणिसांना चिंबोऱ्यांबद्दल फक्त जेवणाच्या वेळी आस्था होती. पण बाळकूमच्या महिपत कोळ्याच्या पायाची जखम, जी टिपणिसांच्या पिवळ्या मलमाला वर्षभर दाद देत नव्हती, ती या खेकडेवाल्यानं पंधरवड्यात बरी केली. मग महिपतची सासू गेली, मग अर्धं बाळकूम गेलं, मग पलीकडचं कोलशेत गेलं. फी म्हणून तो म्हणे चिखलातलं काहीतरी जिवंत घ्यायचा. आणि एका संध्याकाळी टिपणीस टांग्यात बसून "डॉक्टरांकडे" असं सवयीनं म्हणाले, तर घोडा बाळकूमच्या रस्त्याला लागला.

त्या दिवशी टिपणिसांच्या पोटात जे दुखायला लागलं, त्यावर लाल चाललं नाही की पिवळं चाललं नाही.

त्यांनी ठरवलं, या माणसाला घरी जेवायला बोलवायचं आणि चार लोकांच्या देखत वैद्यकातलं असं काही विचारायचं की पितळ उघडं पडेल. बोलावणं गेलं. मोरेल पाय धुऊन आला. मराठी तो बाळकूमच्या कोळणींकडून शिकला होता, त्यामुळे लहानमोठा कुणीही असो, सगळ्यांना अरे-तुरे.

"दादूस, बरा हायेस ना?" दारातच त्यानं टिपणिसांचा हात हातात घेतला. ठाण्याच्या डॉक्टरला अरे! टिपणिसांनी मिशी चावली.

सोड्याच्या, म्हणजे सुक्या कोळंबीच्या, खिचडीचा दुसरा घास घेऊन होतो न होतो तोच टिपणिसांनी पहिला बाण सोडला. "काय हो, एखाद्या लहान मुलाला ताप आहे आणि तो कशाचा ते कळत नाही. अशा वेळी तुम्ही आधी काय करता?"

"त्याच्या आईला विचारतंय," मोरेल म्हणाला. "तिला ठाऊक असतंय. मंग मी नाडी बघतंय, तिला वाटावा मना पन ठाऊक हाय म्हनून."

पंगतीतले सगळे खो खो हसले. वाढता वाढता प्रमोदिनीबाईंचा पदर तोंडाशी गेला. टिपणिसांच्या घशात सोडा अडकला तो तसाच.

पण खरा घात निघताना झाला. उंबऱ्याबाहेर प्रमोदिनीबाईंनी रांगोळी काढली होती. मधोमध कासव, भोवती मासे. मोरेल चपला घालायला वाकला तो वाकलेलाच राहिला. मग गुडघे टेकले. मग चक्क पालथा पडून बघू लागला.

"यी कोनी काढली?"

"मी," प्रमोदिनीबाई म्हणाल्या.

"या कासवाचे पाठीवरचे चौकोन बरोबर हायेत. माज्याकडच्या पुस्तकातल्या चित्रात चुकलेले." त्यानं मान वर केली. "बाय, माज्या चिंबोऱ्यांची चित्रा काढशील?"

टिपणिसांनी आपल्या हातानं बोलावणं धाडून, आपल्याच पानावर जेवू घालून, चोराला घर दाखवलं होतं.

मग बाळकूमहून टोपल्या यायला लागल्या. वर ओला गोणपाट, आत नांग्या बांधलेली एखादी चिंबोरी. प्रमोदिनीबाई मागच्या पडवीत बसून तिचं चित्र काढायच्या. टिपणिसांचं भिंग त्यासाठी गेलं, दाढीच्या ब्रशातले केस गेले, दुपारचा चहा तर गेलाच गेला. घरातली स्वयंपाकीण मालन, तीही बाळकूमचीच. ती टोपलीकडे बघून रोज उसासा टाकायची, "बाई, येवढी भरलेली चिंबोरी, आनि नुसती बघायची! देवाला तरी पटतंय का?"

हेही टिपणिसांनी सोसलं असतं. एका रात्री पानावर बसल्या बसल्या प्रमोदिनीबाई म्हणाल्या, "डॉक्टर म्हणतात, चिंबोरी रागावली की आधी तिचे डोळे आत जातात."

"मी? मी कधी म्हणालो?"

"अहो तुम्ही नाही हो! डॉक्टर."

टिपणिसांनी हातातला घास परत पानात ठेवला. वीज पडली असती तर परवडली असती. विजेचा निदान आवाज होतो.

त्या रात्रीपासून ते बायकोचं प्रत्येक वाक्य तराजूत घालून बघू लागले. "डॉक्टर आले का?" यातला डॉक्टर कोण? "डॉक्टरांचा निरोप आहे", कुठल्या? स्वतःच्या घरात स्वतःचा पत्ता विचारत फिरावं लागावं, अशी त्यांची दशा झाली.

एकदा मोरेल पडवीत बसून चित्रं बघत होता. प्रमोदिनीबाई समोर, गालावर रंगाचा ठिपका. "बाय, तुज्यावानी डोला मी साऱ्या दुनियेत नाय बघितला," तो म्हणाला, आणि त्या हसल्या. नव्या नवरीसारख्या हसल्या, असं टिपणिसांना वाटलं. त्यांना राहवेना.

"चिंबोऱ्यांचं म्हणाल तर," ते खुर्ची ओढून म्हणाले, "तुम्ही बाळकूमच्या चिखलात वेळ घालवताय. खरी चिंबोरी आहे कल्याणला. दुर्गाडी किल्ल्याच्या खाली, खाडीत. मी लहानपणी स्वतः पाहिलेली."

"कशी?" मोरेल एकदम पुढे सरकला.

कशी? टिपणिसांनी इकडेतिकडे पाहिलं. नेमका तेवढ्यात दवाखान्याची किल्ली घेऊन पोपट दारात उभा राहिला. "एक नांगी... पोपटी," टिपणीस म्हणाले. "हिरवीगार. दुसरी साधीच." पोपटानं आत येऊन सलाम केला. "आणि माणूस दिसला की ती हिरवी नांगी कपाळाला लावते. सलाम ठोकल्यासारखी."

पोपट भिंतीकडे तोंड करून खोकला. प्रमोदिनीबाईंनी नवऱ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की दुसरा कुणी असता तर शरमेनं विरघळला असता. पण मोरेलनं ते सगळं वहीत उतरवून घेतलं, आणि दुसऱ्याच ओहोटीला तो कल्याणच्या चिखलात उतरला.

टिपणिसांचे ते दिवस फार सुखाचे गेले. कल्याणहून येणारा प्रत्येक पेशंट सांगायचा, "एक गोरा म्हातारा दुर्गाडीखाली कमरेएवढ्या चिखलात उभा असतो, आणि खाडीला सलाम करत असतो." टिपणीस नाडी सोडून हसायचे. बाळकूमचे चार रोगी परत आले. घोडासुद्धा पुन्हा सरळ वळू लागला. पावसाळा गेला, दिवाळी गेली, तरी म्हातारा आपला चिखलात.

पण खोटं बोलावं तर खाडीच्या कानावर जाऊ देऊ नये. खाडी फार जुनी, तिच्या पोटात सगळं असतं, आणि मागितलं तर ती कधीतरी देते.

एके दिवशी मोरेल कल्याणहून आला तो तडक टिपणिसांच्या घरी. टिपणीस दवाखान्यात होते. टोपलीवरचा गोणपाट त्यानं बाजूला केला आणि प्रमोदिनीबाई मागेच सरकल्या. तळहाताएवढी चिंबोरी, एक नांगी मातकट, दुसरी कोवळ्या पोपटासारखी हिरवी. तिनं दोघांकडे पाहिलं आणि हिरवी नांगी सावकाश कपाळाशी नेली.

"अगं बाई!" प्रमोदिनीबाई म्हणाल्या. "म्हणजे ते खरं होतं?"

"दादूस खोटा बोलंल?" मोरेलच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं होतं. "बाय, येवढे महिन्यांत एकच गावली. हिचा नाव टिपणीस. जगातल्या सगल्या पुस्तकांत, टिपणीस! पन त्याला आत्ता सांगू नको. चित्र झाला की मी बाटली घेऊन येतंय, मंग सांगू."

प्रमोदिनीबाईंनी त्या चिंबोरीवर जीव ओतला. त्यांना नवऱ्याचा इतका अभिमान बऱ्याच दिवसांत वाटला नव्हता, आणि तो लपवताना त्यांच्या गालांवर जे चढत होतं ते टिपणिसांनी दारातून पाहिलं. पावलं वाजताच प्रमोदिनीबाईंनी चित्रावर पंचा टाकला.

"काय आहे?"

"काही नाही."

"दाखव की."

"आत्ता नाही. डॉक्टरांना वचन दिलंय."

त्या रात्री टिपणीस ज्या कुशीवर वळत, त्या कुशीला त्यांना तो पंचा दिसे.

दुसऱ्या दिवशी सकाळी चित्र पुरं झालं. प्रमोदिनीबाईंनी ते कपाटात ठेवलं, मोरेलला दुपारी यायचा निरोप धाडला, चिंबोरीच्या नांग्या हिरवी-मातकट मिळून जुन्या चिंध्यांत गुंडाळून बांधल्या, ओला गोणपाट झाकला, आणि त्या धाकट्या बहिणीच्या, उत्तराच्या डोहाळजेवणाला डोंबिवलीला गेल्या. टिपणीस दुपारी घरी आले, तर पडवीत टोपली. त्या टोपलीवर बायकोचा हात किती मायेनं फिरला असेल, हे गोणपाटाच्या चारी बाजूंनी खोचलेल्या टोकांवरून दिसत होतं. त्यांच्या स्वतःच्या पांघरुणाची टोकं अशी कुणी खोचली नव्हती.

"मालन, आज काय आहे जेवायला?"

"वरन-भात, दोडका."

"ही चिंबोरी कर."

मालनच्या हातातली पळी खाली आली. "ती चित्राची हाय. बाई रागावतील."

"चित्र झालंय ना? मग तिचं काम संपलं. घर कुणाचं आहे?"

"पन एका चिंबोरीचा कालवन?"

"मी एकटाच तर आहे जेवायला," टिपणीस म्हणाले, आणि स्वतःच्याच आवाजानं त्यांना गहिवरून आलं.

आता मालनची काही चूक म्हणता येणार नाही. कायस्थाच्या घरात नांग्या बांधलेली चिंबोरी टोपलीतून आली तर तिचं पुढे काय होतं, हे तिला आजीपासून ठाऊक होतं. ती चित्र काढून परत जाते, हेच तिला इतके दिवस पाप वाटत होतं. तिनं चिंध्यांसकट ती उकळत्या पाण्यात सोडली, आणि सोडवली तेव्हा ती इतर कुठल्याही चिंबोरीसारखी लालबुंद होती. लहान पाय तिनं पाट्यावर वाटून रस काढला, ओलं खोबरं, हळद, आलं-लसूण, कोकम. वास असा सुटला की तलावाकाठचे लोक उगाच घरी जेवायला निघाले.

टिपणीस पानावर बसले. पहिला घास घेतला आणि थांबले. दुसरा घेतला. आयुष्यभर चिंबोऱ्या खाल्लेला माणूस, पण असलं काही त्यांच्या जिभेवर आलं नव्हतं. ते कशासारखं होतं हे त्यांना सांगता आलं नसतं. पण जेवता जेवता त्यांचा सगळा राग, सगळा मोरेल, तो पंचा, सगळं विरघळलं. मोठी नांगी त्यांनी दाढेखाली फोडली, चोखली, भाताच्या शेवटच्या शितानं ताट पुसलं आणि बोटंसुद्धा चाटली.

तेवढ्यात दाराशी चिखलाची पावलं वाजली.

"दादूस!" मोरेलच्या काखेत बाटली होती, अंगात चक्क कोट. मागोमाग प्रमोदिनीबाई, त्या डोहाळजेवण अर्धं टाकून निघाल्या होत्या आणि स्टेशनवर भेटलेल्या मोरेलबरोबरच आल्या होत्या, नवऱ्याचा चेहरा बघायला. "दादूस, गावली! तुजी चिंबोरी, पोपटी नांगीची, सलाम करते ती! साऱ्या दुनियेत एकच! तिचा नाव मी ठेवलाय टिपणीस!"

टिपणीस पानावरून उठले नाहीत. मोरेलची नजर पडवीकडे गेली, रिकाम्या टोपलीवरून फिरली, आणि ताटाच्या कडेला रचलेल्या लाल टरफलांवर येऊन टेकली.

स्वयंपाकघरात मालनच्या हातातून काहीतरी पडलं.

मोरेल ओरडला नाही. तो कोटासकट ताटासमोर मांडी घालून बसला, आणि एकेक तुकडा उचलून रुमालावर मांडू लागला. पाठीचं कवच, हळदीनं पिवळं. मातकट नांगी, लाल. हिरवी नांगी, तीही लाल, आणि मधून दातांनी फोडलेली. लहान पाय तर नव्हतेच, ते कालवणात गेले होते.

"रंग गेला," तो म्हणाला. "रंग नाय तं नाव नाय."

प्रमोदिनीबाई आत गेल्या आणि चित्र घेऊन आल्या. त्यावर ती होती, हिरवी नांगी कपाळाला लावून, जशीच्या तशी. मोरेल ते चित्र बराच वेळ बघत राहिला. मग त्यानं टिपणिसांकडे पाहिलं, मग बाईंकडे, आणि टरफलं रुमालात बांधली.

दोन्ही गोष्टी फ्रान्सला गेल्या, हळदीच्या वासाची टरफलं आणि चित्र. तिकडच्या पंडितांनी म्हणे महिनाभर वाद घातला, आणि वाद चालू असताना सगळ्यांना विलक्षण भूक लागत होती. शेवटी निकाल झाला की ही चिंबोरी आहे हे टरफलांवरून कळतं, पण ती निराळी आहे हे फक्त चित्रावरून कळतं. तेव्हा नाव चित्रकाराचं. कल्याणच्या खाडीतली ती चिंबोरी जगाच्या पुस्तकात प्रमोदिनी झाली.

टिपणीस आपलं नाव स्वतःच खाऊन बसले होते, आणि ढेकरही दिला होता. आता त्यांना मोरेलचा हेवा वाटेना; बायकोचा वाटू लागला. लोक घरी येत ते चित्रकारबाईंना बघायला. "हे कोण?" "हे त्यांचे मिस्टर." तलावपाळीवर पोरं त्यांना पाहून हात कपाळाला लावत. दुसरी चिंबोरी मिळाली तर तिला तरी आपलं नाव मिळेल, म्हणून टिपणीस दर रविवारी धोतर खोचून दुर्गाडीखालच्या चिखलात उतरू लागले. मोरेलही बरोबर असे. दोघं चिखलात उभे राहून खाडीला सलाम करत. पण खाडी एका खोट्याला एकच चिंबोरी देते. पुन्हा दिली नाही.

घरात प्रमोदिनीबाई त्यांच्याशी "अहो" म्हणून बोलत. डॉक्टर हा शब्द त्यांच्या तोंडून गेलाच. कुणासाठीही येईना.

छप्पन्न साली मोरेल मायदेशी जायला निघाला. वय झालं होतं, गुडघे चिखलानं भरले होते. निरोपाला टिपणिसांकडे आला. प्रमोदिनीबाईंच्या हातचा चहा घेतला, उठला, दारापर्यंत गेला, आणि परत फिरला.

"दादूस, एक विचारू?"

"विचारा की."

म्हाताऱ्यानं खाली पाहिलं. "सगल्या चिंबोऱ्या मी चाखल्या. इंचू पन चाखला. यी एकच ऱ्हायली. कशी लागली रे?"

टिपणिसांनी त्याच्याकडे पाहिलं. त्या निळ्या डोळ्यांत त्यांना काहीतरी ओळखीचं दिसलं. सात वर्षं रोज दाढी करताना आरशात दिसायचं, तेच. पोटात दुखणारं, लाल-पिवळ्याला न बधणारं. मोरेलला तिचं अंग ठाऊक होतं, प्रमोदिनीला रंग. पण चव? साऱ्या दुनियेत एकाच माणसाला.

टिपणिसांनी मिशीवरून हात फिरवला.

"सांगण्यासारखी नाही," ते म्हणाले.

"थोडी तरी? गोड? खारी?"

"छे! तसलं काही नाही. वेगळंच."

"दादूस, मी मरन आता!"

"सांगू कधीतरी."

मोरेल उसासे टाकत टांग्यात बसला. टांगा वळणावर दिसेनासा होईपर्यंत तो मागे वळून वळून बघत होता, आणि टिपणीस दारात उभे राहून, कपाळाला हात लावून, सलाम ठोकत होते.

ते आत आले तर प्रमोदिनीबाई पडवीत तशाच उभ्या. हातात मोरेलचा रिकामा कप. त्यांच्या चेहऱ्यावर रागही नव्हता, हसूही नव्हतं. एक कळ होती, आत कुठेतरी अडकलेली, इतक्या वर्षांची.

"मी तिच्या अंगावरचा केसन् केस कागदावर काढला," त्या हळूच म्हणाल्या. "मलासुद्धा नाही सांगणार?"

टिपणीस झोपाळ्यावर बसले. पायानं एक झोका घेतला.

"सांगा ना," त्या जवळ आल्या. "कशी होती हो? सांगा ना, डॉक्टर."

टिपणिसांनी डोळे मिटून घेतले. आता तर ते मुळीच सांगणार नव्हते.